मुंबईत रस्त्यावर गायचं-वाजवायचं असेल तर: जागा, आवाज, परवानगी आणि गल्ला

मुंबईत गिटार किंवा पेटी घेऊन रस्त्यावर बसणाऱ्याचं पहिल्या आठवड्यात जे बिनसतं, ते गाण्यामुळे क्वचितच बिनसतं. जागा चुकलेली असते, स्पीकर नको त्या बाजूला ठेवलेला असतो, नाहीतर ऐकणारे फुटपाथभर पसरतात आणि दहाव्या मिनिटाला हवालदार येऊन उभा राहतो. गाणं बरं येतं असं धरून चालू आणि बाकीचं बघू. उदाहरणं मुंबईची आहेत. समुद्राचा वारा आणि लोकल वगळली, तर बरंचसं पुण्यातही चालेल.

जागा कशी हेरायची

गर्दी किती आहे हे बघू नका, ती कशी चालते ते बघा. चर्चगेटच्या सबवेमध्ये संध्याकाळी सहा वाजता माणसांचा लोंढा असतो, पण त्यातल्या प्रत्येकाला आपली ठरलेली फास्ट पकडायची असते. तिथे कोणी थांबलंच तर मागचा शिव्या घालतो. मरीन ड्राइव्ह, कार्टर रोड, बँडस्टँड, वरळी सी फेस इथे आलेला माणूस वेळ घालवायला आलेला असतो आणि त्याला बसायला कट्टा असतो. जिथे भेळवाला, चणेवाला टिकून आहे ती जागा सहसा चांगली, कारण लोक कुठे रेंगाळतात हे त्याने आपल्या पोटासाठी केव्हाच हेरून ठेवलेलं असतं. मात्र त्याला खेटून बसू नका. दहा-बारा फूट अंतर ठेवा आणि पहिल्या दिवशी आधी त्याच्याशी बोला. तुमच्यामुळे त्याची भेळ खपली तर महापालिकेची गाडी येताना दिसल्यावर पहिली हाक तोच मारेल.

जागा ठरवण्याआधी तिथे, तुम्ही बसणार त्याच वेळी, फोनवरच्या डेसिबल मोजणाऱ्या ॲपने पाच मिनिटं आवाज मोजा. फोनचा आकडा काटेकोर नसतो, पण दोन जागांची तुलना करायला पुरतो. सत्तरच्या आसपास आकडा असेल तर नुसत्या लाकडी गिटारने काही साधणार नाही. उघड्यावर अंतर दुप्पट झालं की आवाज साधारण 6 डेसिबलने पडतो, म्हणजे एक मीटरवर जे ऐकू येतं ते चार मीटरवर 12 डेसिबलने कमी. सलग घूं-घूं करणारी रहदारी परवडते. सिग्नल आणि बसथांबा मात्र टाळा, कारण हॉर्न बरोबर समेवर वाजतो.

किनाऱ्यावर एक गोष्ट फुकट मिळते, ती म्हणजे वारा. दुपारनंतर वारा समुद्राकडून जमिनीकडे वाहतो. मरीन ड्राइव्हच्या कट्ट्याजवळ समुद्राकडे पाठ करून बसलात की वारा तुमचा आवाज लोकांकडे नेतो आणि माइकला तुमच्याच अंगाचा आडोसा मिळतो. उलटं बसून समुद्राकडे तोंड केलं तर दृश्य छान दिसतं, पण माइकमध्ये नुसतं फडफड ऐकू येतं. शहराच्या आतल्या भागात पाठीमागे भिंत किंवा बंद दुकानाचं शटर घ्या. मागे जाणारा आवाज परतून पुढे येतो आणि पाठीमागून कोणी सामानाला हात घालत नाही.

रुग्णालय, शाळा, न्यायालय यांच्यापासून 100 मीटरच्या आत बसूच नका. शिवाजी पार्कचा कट्टा पाहून मोह होतो, पण ते मैदान 2010 मध्ये उच्च न्यायालयाने शांतता क्षेत्र ठरवलेलं आहे आणि तिथले रहिवासी आवाजाच्या बाबतीत जागरूक आहेत. देवळातली आरती, मशिदीतली अजान चालू असेल तेवढा वेळ थांबा आणि पाणी प्या. समोर राहत्या इमारती असतील तर एका जागी आठवड्यातून दोनदाच बसा. तीन जागा फिरत्या ठेवल्या की कुणाला तुमचा कंटाळा येत नाही. चौथ्या दिवशी तेच गाणं खिडकीतून ऐकणाऱ्या माणसाची बाजूही समजून घ्यायला हवी.

कायदा काय म्हणतो

लंडनच्या भुयारी रेल्वेत 2003 पासून वादकांना परवाने आणि आखून दिलेल्या जागा आहेत. मुंबईत रस्त्यावरच्या गायकासाठी तसा ठरलेला परवाना नाही, त्यामुळे चार वेगवेगळे कायदे माहीत असावे लागतात.

पहिला आवाजाचा. ध्वनिप्रदूषण नियम, 2000 प्रमाणे ध्वनिवर्धक लावायला लेखी परवानगी लागते, मग तो पाच वॅटचा असला तरी. रात्री 10 ते सकाळी 6 या वेळेत उघड्यावर ध्वनिवर्धकच काय, वाद्यही वाजवता येत नाही. निवासी भागाची दिवसाची मर्यादा 55 डेसिबल आणि व्यापारी भागाची 65. यातली गंमत अशी, की मुंबईचा रस्ता तुम्ही तोंड उघडण्याआधीच ही मर्यादा ओलांडून बसलेला असतो. पण तक्रार रस्त्यावर होत नाही, तुमच्यावर होते.

दुसरा भीक प्रतिबंधाचा, 1959 चा. त्याच्या व्याख्येत गाणं, नाच, भविष्य सांगणं, खेळ दाखवणं अशा निमित्ताने सार्वजनिक जागी भीक मागणं किंवा स्वीकारणं हेही येतं. 2018 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने यातली बरीच कलमं रद्द केली, पण ती दिल्लीपुरती. म्हणून इथे काही पथ्यं पाळायची. डबा एका जागी ठेवा, तो हातात घेऊन लोकांपुढे फिरू नका. "काहीतरी द्या" असं माइकवरून म्हणू नका. लहान मुलाला ताटली देऊन पाठवायचं तर मुळीच नाही, कारण मुलांना भीक मागायला लावणं हा बाल न्याय कायद्याखाली वेगळा आणि गंभीर गुन्हा आहे.

तिसरा रेल्वेचा. रेल्वे अधिनियम, 1989 चं कलम 144 डब्यात आणि स्थानकावर विनापरवाना विक्री करणं व भीक मागणं या दोन्हींना लागू होतं. विक्रीला एक वर्षापर्यंत कैद, किंवा 2,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. भीक मागण्यासाठीची हीच शिक्षा 2023 च्या दुरुस्तीने काढली, पण मनाई कायम आहे आणि गाडीतून उतरवता येतं. पेटी गळ्यात अडकवून लोकलमध्ये गाणारे वर्षानुवर्षं दिसतात आणि त्यांतल्या काहींचा गळा भल्याभल्यांना लाजवेल असा असतो. पण ते रोज ही जोखीम घेऊन गातात. आधी डब्यात सुरुवात करून बघू, हा सल्ला कोणी दिला तर ऐकू नका. स्थानकांवर मागे कलाकारांचे अधिकृत कार्यक्रम झाले, ते संस्थेमार्फत आणि रेल्वेच्या संमतीने. एकट्याने अर्ज घेऊन जाण्यापेक्षा अशी संस्था गाठणं सोपं.

चौथा महाराष्ट्र पोलीस अधिनियम, 1951. सार्वजनिक जागी वाजवण्याबाबत नियम करण्याचा अधिकार त्याने पोलीस आयुक्तांना दिला आहे. म्हणून अर्ज जातो तो स्थानिक ठाण्याच्या वरिष्ठ पोलीस निरीक्षकांच्या नावाने. त्यात तारीख, वेळ, जागेची खूण, माणसं किती, वाद्यं कोणती, स्पीकर किती वॅटचा आणि तुमचा फोन नंबर, एवढं एका पानात लिहा आणि ओळखपत्राची प्रत जोडा. अर्ज दोन प्रतींत न्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोचेचा शिक्का घ्या. पोच म्हणजे परवानगी नव्हे, हे विसरू नका. पण बीटवरचा हवालदार आल्यावर तो कागद दाखवता आला तर बोलण्याचा सूर बदलतो. फुटपाथ महापालिकेचा असतो, म्हणून एक प्रत वॉर्ड ऑफिसलाही द्या. त्या भागात एएलएम, म्हणजे परिसराच्या देखभालीसाठी महापालिकेबरोबर काम करणारी रहिवाशांची समिती असेल तर तिच्या एखाद्या सभासदाला आधी भेटून या. तक्रारीचा फोन बहुधा तिथूनच जातो.

पोलीस आले की गाणं ओळीच्या मध्ये असलं तरी थांबवा, वाद्य खाली ठेवा आणि उभं राहून बोला. "साहेब, आवरतो पाच मिनिटांत" म्हणा आणि खरंच आवरा. कायद्याचं कलम सुनावणं, मोबाइल काढून शूट करणं, जमलेल्या लोकांना बाजूने बोलायला लावणं, यांतलं काहीही केलं की ती जागा कायमची गेली.

स्पीकर, माइक आणि ती जीवघेणी सीटी

स्पीकर नसेल तर माणूस ओरडून गातो आणि महिन्याभरात गळा बसतो. त्यामुळे या खर्चात कंजुषी नको. रोलंडचा क्यूब स्ट्रीट हा सेलवर चालणारा ॲम्प जगभर रस्त्यावरचे लोक वापरतात. त्याला सहा पेन्सिल सेल लागतात आणि ताकद पाच वॅट असते. अहुजाचे चार्ज होणारे पोर्टेबल स्पीकर आपल्याकडे दुरुस्त करून मिळतात, हा त्यांचा मोठा फायदा. चार्ज होणारे पेन्सिल सेल वापरणार असाल तर लक्षात घ्या, की तो सेल 1.5 व्होल्टचा नसून 1.2 व्होल्टचा असतो. सहा सेलमध्ये 9 ऐवजी 7.2 व्होल्ट मिळतात आणि बॅटरीचा दिवा लवकर इशारा देऊ लागतो. म्हणून सेलचे दोन संच ठेवा. जुने-नवे एकत्र घालू नका, त्यात सर्वांत कमजोर सेल गळतो आणि आतल्या पट्ट्या गंजवतो.

पार्टीचा ब्लूटूथ स्पीकर असेल तर त्यात माइक थेट वायरने लागतो का, ते घेण्याआधीच बघा. फोनच्या माइकमध्ये गाऊन ब्लूटूथवरून स्पीकरला पाठवलं तर आवाज मागाहून येतो, आणि स्वतःचाच उशिरा आलेला आवाज ऐकून चांगला गवई तालातून सुटतो. नुसता ट्रॅक ब्लूटूथवरून वाजवायला हरकत नाही. पण तो फोन वेगळा, जुना, फ्लाइट मोडवर टाकलेला असू द्या. नाहीतर अंतऱ्यातच मामांचा फोन येतो आणि रिंगटोन सगळा कार्टर रोड ऐकतो.

सीटी येते ती माइकने स्पीकरचा आवाज पुन्हा उचलल्यामुळे. गायकांचा साधा माइक समोरचं जास्त आणि मागचं सर्वांत कमी ऐकतो. त्यामुळे स्पीकर तुमच्यापेक्षा थोडा पुढे आणि बाजूला, साधारण दीड मीटरवर, तोंड लोकांकडे करून ठेवा, आणि माइकचं शेपूट स्पीकरकडे राहील असे बसा. स्पीकर जमिनीवर ठेवायचा नाही. समोर उभ्या माणसांच्या पायांत तीव्र स्वर अडकतात, शब्द कळत नाहीत आणि तुम्ही आवाज वाढवत राहता. स्टुलावर, कमरेच्या उंचीला ठेवला की तेवढ्याच आवाजात दुप्पट लोकांना शब्द लागतात. माइकची जाळी मुठीत धरायची सवय मोडा. टीव्हीवर ती ऐटीत दिसते, पण जाळी झाकली की माइकला दिशा कळेनाशी होते आणि सीटी हमखास येते. किनाऱ्यावर माइकला स्पंजची टोपी घाला आणि बासचं बटण थोडं खाली ठेवा.

वाद्याची दैना कशी टाळायची

खारी हवा स्टीलच्या तारा खाते. वाजवून झाल्यावर प्रत्येक तार कोरड्या सुती फडक्याने वरून-खालून पुसा. रोज वाजवत असाल तर दोन-तीन आठवड्यांनी संच बदला. पहिली आणि दुसरी तार जास्त तुटते, त्या सुट्या जवळ ठेवा. फोनचं ट्यूनर ॲप गोंगाटात निरुपयोगी ठरतं, कारण ते रिक्षाही ऐकतं. गिटारच्या शेंड्याला चिकटणारा क्लिप ट्यूनर लाकडाचं कंपन मोजतो, तोच घ्या.

पेटीवाल्यांची नेहमीची तक्रार म्हणजे एखादा सूर बोलतच नाही. बहुतेक वेळा सुराच्या पितळी जिभेत आणि चौकटीत धुळीचा कण अडकलेला असतो. झाकण उघडून जीभ बारीक टाचणीने किंचित उचला, सोडा आणि भाता मारा. खरवडायचं मात्र नाही. जिभेचं टोक घासलं की सूर चढतो, मूळ घासलं की उतरतो, आणि मग पेटी कारागिराकडेच न्यावी लागते. पेटीला माइक वरून, पट्ट्यांपासून वीतभर अंतरावर लावा. भात्याच्या बाजूला लावला तर हवेची फुसफुस लोकांना ऐकू जाते. स्केलचेंजर, म्हणजे पट्ट्या सरकवून सूर बदलता येणारी पेटी घरीच ठेवा. जिना चढताना तिचं वजन कळतं.

ढोलकी नटबोल्टची घ्या. दोरीची जास्त गोड बोलते हे खरं, पण दमट हवेत तिचा सूर उतरला की फुटपाथवर ती ओढत बसायला वेळ नसतो. पुडीवरची काळी शाई दमट झाली म्हणून शेगडीजवळ धरू नका, तडकते. कोवळ्या उन्हात दहा मिनिटं पुरतात.

गळा आणि गाणी

गोंगाटात माणूस नकळत आवाज चढवतो. त्यावर उपाय दोन. एका कानात फोमचा बोळा घाला, म्हणजे स्वतःचा आवाज आतून ऐकू येतो. आणि पट्टी उतरवा. घरी काळी दोनमध्ये गात असाल तर रस्त्यावर काळी एक किंवा पांढरी एक घ्या. निघण्याआधी पंधरा मिनिटं खर्जात सा लावा. 35-40 मिनिटं गाणं, मग पंधरा मिनिटं तोंड बंद, असे तीन फेरे झाले की पुरे. उपाशीपोटी गाऊ नका आणि वडापाव खाऊन लगेचही नको. पाणी साधं, थोडं थोडं. आवाज दोन-तीन आठवडे बसलेलाच राहिला तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरला दाखवा.

गाण्याची ओळख पहिल्या चार मात्रांत पटली पाहिजे. आलाप आणि मोठा आरंभीचा तुकडा बैठकीसाठी ठेवा, इथे सरळ मुखड्यावर या. चालता माणूस एक-दोन गाण्यांपुरता थांबतो, म्हणून दोन अंतरे पुष्कळ. दर दहा मिनिटांनी श्रोते बदलतात, तेव्हा खरं तर डझनभर गाण्यांत संध्याकाळ निघते. तरी वीस-पंचवीस तयार ठेवा, कारण चणेवाला आणि सुरक्षारक्षक रोज तिथेच असतात आणि त्यांनी कंटाळून तोंड फिरवलेलं लोकांना दिसतं. सहाच्या सुमाराला फिरायला आलेल्या ज्येष्ठांसाठी जुनी भावगीतं, हिंदी फिल्मी. आठनंतर पोरं येतात, तेव्हा टाळ्या धरता येतील असं काहीतरी. गाणं संपलं की लगेच पुढचं सुरू करू नका. पाच-सात सेकंद थांबा, माणूस खिशात हात घालतो तो तेव्हाच.

लोक अर्धवर्तुळात उभे राहतील असं बघा आणि मागे जायला किमान पाच-सहा फूट वाट मोकळी ठेवा. वाट बुजली की माइकवरूनच हसत सांगा, "जरा पुढे सरका, मागच्यांना जाऊ द्या". हेच वाक्य पोलीस येईपर्यंत कोणी बोललं नाही, तर मग ते पोलीस बोलतात.

रेकॉर्डिंग नेटवर चढवणार असाल तर एक लक्षात ठेवा. संतांच्या अभंगाचे शब्द कुणाच्या मालकीचे नाहीत, पण त्याची प्रसिद्ध चाल असू शकते. आपल्याकडे रचनाकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षं हक्क टिकतो. अशा व्हिडिओवर दावा लागून त्याची कमाई दुसऱ्याकडे जाऊ शकते. पारंपरिक शब्दांना स्वतःची चाल लावली की हा प्रश्न मिटतो.

गल्ला

गिटारची केस उघडून ठेवायची पद्धत सुंदर दिसते, पण पाऊस आला किंवा गाडी आली तर वाद्य ठेवणार कशात? रुंद तोंडाचा वेगळा डबा ठेवा आणि तळाशी एक दगड, नाहीतर नोटा थेट अरबी समुद्रात. सुरुवातीला स्वतःच्या दोन-तीन नोटा टाका, दहाची एक आणि पन्नासच्या दोन. रिकाम्या डब्यात पहिली नोट टाकायला कोणीच धजत नाही. दर वीस मिनिटांनी मोठ्या नोटा काढून आतल्या खिशात घाला.

आता निम्मे लोक पाकीट घेऊन फिरतच नाहीत, त्यामुळे क्यूआर हवाच. कोड जेवढा रुंद, त्याच्या साधारण दहापट अंतरावरून तो स्कॅन होतो. म्हणजे दीड मीटर लांब उभ्या माणसासाठी 15 सेंटिमीटरचा. लॅमिनेशन चकचकीत करू नका, त्यावर दिव्याचा उजेड चमकतो आणि फोनला कोड दिसत नाही. वर एक छोटा एलईडी लावा. रोज सुरू करण्याआधी स्वतः एक रुपया पाठवून नाव तपासा, कारण दुसऱ्याच कोणाचा कोड वर चिकटवून जाण्याचे प्रकार होतात. फसवणूक झाली तर 1930 वर लगेच फोन करा. यूपीआय आयडीत मोबाइल नंबर ठेवू नका, बायकांनी तर नाहीच. रस्त्यावरच्या पैशांसाठी खातंही वेगळं उघडा. अनोळखी माणसांकडून शंभर ठिकाणचे पैसे येतात, त्यातला एखादा गुन्ह्यातला निघाला आणि बँकेने खातं गोठवलं, तर घरभाडं तरी अडकायला नको.

वहीत रोज जागा, वार, वेळ, रोख, यूपीआय आणि खर्च लिहा. मिळकतीला फक्त गायलेल्या तासांनी भागू नका. घर सोडल्यापासून परत येईपर्यंतचे तास धरा. बरेचदा लांबच्या वांद्र्यापेक्षा जवळची छोटी बाग परवडते.

जाणं-येणं आणि पावसाळा

उपनगरातून दक्षिणेला जायचं तर दुपारी चारची गाडी धरा, गर्दी उलट्या दिशेची असते. परतताना साडेनऊच्या आधी निघू नका, पेटीसकट दारात चेंगराल. मोठं सामान असेल तर मालडब्यात चढा. बायकांनी एक ओळखीचं माणूस गर्दीच्या कडेला उभं ठेवावं आणि जवळचं स्वच्छतागृह कितीला बंद होतं हे पहिल्याच दिवशी बघून ठेवावं. रात्री महिला डब्यात पोलीस असतो, आणि लोहमार्ग पोलिसांचा नंबर 1512.

नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे कमाईचे महिने. जून ते सप्टेंबर उघड्यावर भरवसा नाही, त्यामुळे मेमध्येच पावसाळ्याची कामं शोधायला लागा: कॅफे, सोसायट्यांचे कार्यक्रम, गणपतीच्या सुपाऱ्या. रस्त्यावर कार्ड वाटण्याचा खरा उपयोग इथे होतो. डब्याशेजारी वीसेक कार्डं ठेवा, घेणारा घेतो. मंडळांकडून सुपारी घेताना वेळ, स्पीकर कोणाचा, जेवण आणि येण्या-जाण्याचा खर्च हे व्हॉट्सॲपवर लिहून घ्या आणि निम्मा ॲडव्हान्स आल्यावरच तारीख वहीत मांडा. गिटार या दिवसांत केसमध्येच ठेवा, सिलिका जेलच्या पुड्या टाकून. पुड्या महिन्याने बदला. लाकूड फुगून तारा गिटारच्या मानेपासून वर उचलल्यासारख्या वाटल्या तर सगळ्या तारा अर्धा सूर उतरवून ताण कमी करा आणि सप्टेंबर संपल्यावर कारागिराला दाखवा. पावसातच केलेलं सेटिंग ऑक्टोबरच्या उन्हात पुन्हा बिघडतं आणि मजुरी दोनदा जाते.